हान्स-पेटर ब्रीगल : लांब उडीच्या धावपट्टीवरून फुटबॉलच्या मैदानात

फळीवरचा पाय (धागाकर्ता)

लांब उडी शिकवायला लागून मला वीस वर्षं झाली. एक प्रश्न दरवर्षी येतो. पंधरा-सोळा वर्षांचं एखादं चपळ पोर अंगावरची वाळू झटकत विचारतं, "सर, मी आता फुटबॉल सुरू केला तर उशीर झाला का?" बहुतेक ठिकाणी त्याला उत्तर मिळतं, "झाला." चेंडूची ओळख सहा-सात वर्षांचं असतानाच व्हावी लागते, पुढे पाय वळत नाहीत, वगैरे. अशा वेळी मी एका जर्मन माणसाची गोष्ट सांगतो. तीच आज इथे नीट लिहून काढतो.

हान्स-पेटर ब्रीगल. जन्म ११ ऑक्टोबर १९५५, गाव रोडेनबाख. जर्मनीच्या नैऋत्येला फाल्ट्स नावाचा डोंगर-जंगलांचा प्रदेश आहे, त्यातल्या कायझर्सलाउटर्न शहराला लागून हे गाव. घरापासून काही किलोमीटरवर बुंडेसलीगातला, म्हणजे जर्मनीच्या सर्वोच्च फुटबॉल लीगमधला मोठा क्लब, आणि हा मुलगा मात्र उड्या मारत होता. लांब उडी, तिहेरी उडी, दहा प्रकारांची डेकॅथलॉन. लांब उडीत तो साडेसात मीटरच्या आसपास पोचला होता आणि शंभर मीटर अकरा सेकंदांच्या आत धावत होता. ज्यांनी वाळूच्या खड्ड्याशी टेप धरून उभं राहायचं काम केलंय त्यांना कळेल, किशोरवयात साडेसात मीटर म्हणजे काय. तो मुलगा ॲथलेटिक्समध्येच राहिला असता तरी नाव काढलं असतं.

सतराव्या वर्षी तो गावच्या संघातून फुटबॉल खेळायला लागला. सतराव्या! तोवर त्याच्या वयाची पोरं क्लबांच्या युवा संघांत दहा-दहा वर्षं घासलेली होती. १९७५ मध्ये, म्हणजे जेमतेम विशीत, कायझर्सलाउटर्नने त्याला घेतलं. आधी पुढच्या फळीत खेळवून पाहिलं, मग मागे बचावात आणलं. तिथे तो रुजला. नऊ हंगामांत बुंडेसलीगाचे २४० सामने आणि ४७ गोल, तेही बहुतांश बचावपटू म्हणून. १९७९ मध्ये पश्चिम जर्मनीच्या राष्ट्रीय संघात आला आणि पुढच्याच वर्षी रोममध्ये युरोपियन अजिंक्यपद जिंकलेल्या संघात होता. बेल्जियमविरुद्धच्या त्या अंतिम सामन्यात दुखापतीमुळे त्याला मध्येच बाहेर यावं लागलं, पण पदक गळ्यात पडलं. फुटबॉलचे बूट घातल्याला तेव्हा आठ वर्षंसुद्धा झाली नव्हती.

लोकांनी त्याला नाव दिलं होतं "डी वाल्त्स फॉन डेअर फाल्ट्स". वाल्त्स म्हणजे रस्ता दाबायचा रोलर. फाल्ट्सचा रोडरोलर! मूळ जर्मनमध्ये यमक जुळतं म्हणून ते चिकटलं. मला हे नाव कधीच पटलं नाही. रोलर जड असतो आणि हळू चालतो. या माणसाची खरी दौलत वजन नव्हती, पावलं होती. ते पुढे लिहीनच, आधी कुणाला काय आठवतंय ते ऐकायला आवडेल.

मेक्सिको ८६

वा, काय नाव काढलंत! मला तो लगेच आठवला तो मोज्यांमुळे. मोजे घोट्यापर्यंत खाली गुंडाळलेले, नडगीला पॅड नाही, आणि त्या मांड्या. आमच्या वाड्यात एकाच घरी टीव्ही होता, दूरदर्शनवर १९८६ चा विश्वचषक बघायला सगळी आळी जमायची. अंतिम सामना आपल्याकडे रात्री साडेअकराला सुरू झाला होता.

पण खरं सांगू का, आम्हाला तो आवडायचा नाही. आम्ही सगळे अर्जेंटिनाच्या मॅराडोनाच्या बाजूचे. जर्मनी म्हणजे ताकद, धक्काबुक्की, न थकणारं यंत्र, आणि त्यातला सगळ्यात आडदांड कोण तर हा. १९८२ च्या माद्रिदच्या अंतिम सामन्यातही इटलीच्या ब्रुनो कोंतीला गोलसमोरच्या पेटीत पाडून पेनल्टी यानेच दिली होती. काब्रिनीने ती बाहेर मारली म्हणून वाचले, तरी शेवटी ३-१ हरलेच. माझ्या मनात ब्रीगल म्हणजे पळणारा भरपूर, खेळणारा बेताचा.

मडगांवकार

नमस्कार. आमच्या गोंयांत आम्ही लहानपणापासून हेच ऐकत आलो की फुटबॉल पायांत असतो, पळण्यात न्हय. माझे बाबा क्लबातून खेळलेले. ते म्हणायचे की धावणारा पोर मैदानात आणला की तो चेंडूच्या पुढे निघून जातो, चेंडू मागे राहतो. मीही बचावात खेळलो, आता पोरांना शिकवतो, आणि असे दोन-तीन पोर मी स्वतः पाहिले. शर्यतीत पहिले, मैदानात हरवलेले.

म्हणून सरांना विचारतो : ब्रीगल चेंडूच्या पुढे पळून गेला नाही, टिकला, तो का? नुसता वेग तर पुष्कळांकडे असतो.

फळीवरचा पाय

मडगांवकार, तुमचा प्रश्न नेमक्या जागी लागलाय. तुमच्या वडिलांचं निरीक्षण खरं आहे. सरळ शंभर मीटर धावणारा मुलगा चेंडूच्या पुढे जातो, कारण त्याला एकच काम शिकवलेलं असतं, बंदूक वाजली की शेवटपर्यंत जोर. लांब उडीचं शिक्षण वेगळं असतं. लांब उडीवाला वेगात धावतो तो वीस सेंटिमीटर रुंदीच्या फळीवर बरोब्बर पाय पडावा म्हणून. पस्तीस-चाळीस मीटरचा रनअप, अठरा-वीस पावलं, आणि शेवटच्या दोन-तीन पावलांत शरीर किंचित खाली घ्यायचं, एक पाऊल लांब, शेवटचं आखूड, आणि उड्डाण. पाऊल अर्ध्या वितीने पुढे पडलं तर उडी बाद. वेगात असताना पावलं मोजायची आणि कुठे पोचायचंय हे आधी ठरवायचं, हे त्याच्या अंगात मुरलेलं असतं.

आता हे फुटबॉलमध्ये लावा. मागून येऊन पेटीत नेमक्या क्षणी पोचणारा खेळाडू काय करतो? तेच. चेंडू कुठे पडणार ते ठरवतो, पावलं जुळवतो, उठतो. बचावपटूचे ४७ गोल उगाच होत नाहीत.

आणि डेकॅथलॉनने दुसरी गोष्ट दिली. दोन दिवस, दहा प्रकार, दर वेळी नवा पवित्रा. आज भाला जमत नसला तरी तासाभराने पंधराशे मीटर धावायचंच आहे. नव्या कौशल्यापुढे अडाणी असण्याची लाज अशा मुलाला वाटत नाही. सतराव्या वर्षी चेंडू उसळून नडगीवर बसतो, तेव्हा लाजून घरी न जाणं ही फार मोठी गोष्ट असते.

र्‍हाइनकाठी

मी नोकरीनिमित्त बरीच वर्षं मानहाइममध्ये राहतो, नदी ओलांडली की फाल्ट्स. सर, तुम्ही इटलीतलं वेरोना लिहिलंच नाही! इकडे जुन्या लोकांशी ब्रीगलबद्दल बोला, ते आधी वेरोनावरच येतात. मी लिहू का?

फळीवरचा पाय

लिहा, लिहा. ते मुद्दाम कुणासाठी तरी ठेवलं होतं.

र्‍हाइनकाठी

तर १९८४. ब्रीगल अठ्ठावीसचा, इटलीत हेलास वेरोनाकडे गेला. तेव्हाची इटालियन लीग डोळ्यांसमोर आणा. एका क्लबला दोनच परदेशी खेळाडू घ्यायची मुभा, त्यामुळे जगातले निवडक तिथे. युव्हेंटसला प्लाटिनी, उदिनेसेला झिको, इंटरला रुमेनिगं, त्याच उन्हाळ्यात नापोलीला आलेला मॅराडोना. आणि वेरोना? १९८२ मध्ये वरच्या गटात परतलेला मध्यम शहराचा क्लब. प्रशिक्षक ओस्वाल्दो बान्योली, कमी बोलणारा माणूस. त्याने गोळा केलेले बहुतेक खेळाडू मोठ्या क्लबांनी सोडून दिलेले. दोन परदेशी म्हणजे डेन्मार्कचा एल्केअर आणि आपला ब्रीगल.

१६ सप्टेंबर १९८४, हंगामाचा पहिलाच दिवस, वेरोनाच्या मैदानावर नापोली. मॅराडोनाचा इटालियन लीगमधला पहिला सामना. त्याच्यावर नजर ठेवायचं काम कुणाकडे, तर ब्रीगलकडे, आणि त्याचाही तो तिथला पहिलाच सामना. ब्रीगलने मॅराडोनाला सोडलं नाही, आणि वर स्वतः गोल केला. वेरोना ३-१.

त्या हंगामात वेरोनाने लीग जिंकली. तीस सामने, फक्त दोन हरले. १२ मे १९८५ ला बेर्गामोमध्ये आतालांताशी १-१ बरोबरी झाली आणि विजेतेपद पक्कं झालं. वेरोनाचं ते एकमेव विजेतेपद आहे, आधी नाही, नंतर नाही. संघाचे एकूण ४२ गोल. गाल्देरीसीचे ११, एल्केअरचे ८, हे दोघं आघाडीवीर. आणि या दोघांच्या मध्ये ९ गोल कुणाचे, तर मधल्या फळीत मागून येणाऱ्या ब्रीगलचे. सरांचं पावलं जुळवण्याचं म्हणणं मला म्हणूनच पटलं. इटलीतले बचाव तेव्हा माणसाला माणूस लावून खेळत. आघाडीवीरांना चिकटून माणूस उभाच असे, पण चाळीस मीटर मागून निघून वेगात येणाऱ्याला कोण धरणार?

१९८५ मध्ये जर्मन पत्रकारांनी त्याला वर्षाचा सर्वोत्तम फुटबॉलपटू निवडलं. परदेशात खेळणाऱ्याला हा मान मिळण्याची ती पहिलीच वेळ.

मडगांवकार

नऊ गोल! तेही त्या काळच्या इटलीत, जिथे १-० म्हणजे मोठा विजय. हे मला माहीत नव्हतं. बाबांना वाचून दाखवलं, ते गप्प राहिले आणि मग म्हणाले, "त्या संघाचो गोलकीपर कोण?" गारेल्ला, असं सांगितल्यावर मान हलवली. त्यांना तो आठवला, पाय, पोट, गुडघा, मिळेल त्याने चेंडू अडवणारा.

मेक्सिको ८६

र्‍हाइनकाठी, आभार. माझं मत थोडं सरकलं, हे कबूल करतो. पण मग ८६ च्या अंतिम सामन्याचं काय? तोच क्षण मला चाळीस वर्षं दिसतो.

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी. ॲझटेका मैदान, २९ जून. अर्जेंटिना २-० ने पुढे. मग जर्मनीने दोन कॉर्नरवर दोन गोल केले, आधी रुमेनिगं, मग फ्योलर. २-२. आमच्या आळीत सुतक. जर्मनी आता सोडत नाही, असं सगळ्यांनाच वाटलं. जर्मन खेळाडूंनाही तसंच वाटलं असावं, कारण सगळे पुढे सरकले होते. सामना संपायला पाच-सहा मिनिटं असताना मॅराडोनाने मैदानाच्या मध्याजवळ, भोवती माणसं असताना, एका स्पर्शात चेंडू पुढे सोडला. अर्जेंटिनाचा बुरुचागा सुटला. पुढे सगळं मैदान मोकळं, आणि मागून एकच माणूस धावतोय. ब्रीगल. तो जवळ येत होता, अगदी जवळ आला होता, आणि बुरुचागाने पुढे आलेल्या जर्मन गोलकीपर शूमाखरच्या बाजूने चेंडू जाळ्यात सारला. ३-२.

आम्ही तेव्हा नाचलो. पण त्या संघातल्या एवढ्या वेगवान माणसाला, जुन्या ॲथलीटला, तो सापडला कसा नाही?

फळीवरचा पाय

या क्षणासाठीच हा धागा काढला, असं म्हटलं तरी चालेल. मी तो गोल मुलांना दाखवतो.

आधी साधी कारणं. मेक्सिको सिटी समुद्रसपाटीपासून सव्वादोन हजार मीटर उंचीवर आहे, सामना तिथल्या भर दुपारी बाराला सुरू झाला होता. ब्रीगल तीस वर्षांचा, ऐंशी मिनिटं पळून झालेली, मागचे दोन हंगाम इटलीत झिजलेले. पण हे सगळं बुरुचागालाही थोड्याफार फरकाने लागू होतं, म्हणून माझं त्यावर समाधान होत नाही.

अंतर बघा. अर्ध्या रेषेजवळून पेटीच्या तोंडापर्यंत, चाळीस मीटरच्या आसपास. म्हणजे लांब उडीचा पूर्ण रनअप! पोरवयात रोज धावलेलं अंतर. मग फरक कशात? लांब उडीवाला आपल्या खुणेवर उभा राहतो, श्वास घेतो, मागे-पुढे डोलतो, आणि स्वतःला वाटेल तेव्हा सुटतो. पहिलं पाऊल त्याच्या मर्जीचं. वेरोनासाठी मागून येऊन गोल करताना पहिलं पाऊल ब्रीगलच्याच मर्जीचं होतं. ॲझटेकावर ते मॅराडोनाच्या मर्जीचं होतं. चेंडू त्या डाव्या पायातून सुटला त्या क्षणी बुरुचागा पळायला लागलेला होता आणि ब्रीगलला वळायचं होतं. वळण्यात दोन पावलं गेली. पुढच्या चाळीस मीटरांत त्याने त्यातलं बरंचसं भरून काढलं, हे तुम्हीच लिहिलंय की, तो जवळ येत होता. मला तरी त्या धावेत हरलेला माणूस दिसत नाही. तीस वर्षांचा एक उडीवाला सव्वादोन हजार मीटर उंचीवर, ब्याऐंशी मिनिटांनंतर, आपल्याहून सात वर्षांनी लहान मुलाला जवळजवळ गाठतो. तो त्याचा राष्ट्रीय संघातला शेवटचा सामना. ७२ सामने, ४ गोल, दोन विश्वचषकांचे अंतिम सामने, दोन्ही हरलेले.

मेक्सिको ८६

पुन्हा पाहिला. तिसऱ्यांदा थांबवून थांबवून. वळण्यात गेलेली पावलं आज पहिल्यांदा दिसली. त्या रात्री आम्ही कुणी त्याच्याकडे पाहिलंच नव्हतं, चेंडूकडे पाहत होतो.

माणदेशी माय

मी फक्त वाचत होते, पण आता राहवत नाही. माझी मुलगी सोळाची आहे, लांब उडी मारते. पाच मीटरच्या वर गेली आहे. गेल्या वर्षी शाळेत मुलींचा फुटबॉल सुरू झाला आणि तिला खेळायचं होतं. तिथल्या शिक्षकांनी एकदा पळवून पाहिलं आणि म्हणाले, "उशीर झाला, तुला चेंडू थांबवता येत नाही." ती आठ दिवस बोलली नाही. मला यातलं काही कळत नाही, मी कधी मैदानावर गेलेली नाही. सर, खरं सांगा, मन राखायला नको. ब्रीगल एखादाच होतो ना?

फळीवरचा पाय

ताई, खरंच सांगतो. तसा एखादाच होतो. विश्वचषक खेळायचा म्हणून सुरू करायचं असेल तर मी नाही म्हणेन. पण चेंडू थांबवता येत नाही म्हणून उशीर झाला, हे चूक आहे. चेंडू थांबवणं ही शिकायची गोष्ट आहे. रोज अर्धा तास भिंतीवर मारून परतलेला चेंडू पायाच्या आतल्या बाजूने मऊ थांबवायचा, दोन्ही पायांनी. तीन महिन्यांत फरक दिसतो. वेगात पावलं जुळवणं शिकायला वर्षं लागतात, आणि ते तुमच्या मुलीकडे आधीच आहे. उडी सोडायला लावू नका. दोन्ही चालू ठेवा, फक्त स्पर्धेच्या आधीचे दहा दिवस फुटबॉल बंद, घोट्याची काळजी म्हणून.

मडगांवकार

ताई, भिंतीचा सराव सरांनी सांगितला तो बरोबर. त्यात एक भर घालतो. चेंडू येण्याआधी एकदा खांद्यावरून मागे बघायची सवय लावा. लहानपणापासून खेळणाऱ्यांना ती आपोआप लागते, उशिरा येणाऱ्यांना मुद्दाम लावावी लागते. आणि सुरुवातीला तिला कडेने खेळवा, मध्यात नको. कडेला एका बाजूला रेषा असते, अर्धंच मैदान सांभाळावं लागतं. ब्रीगलही राष्ट्रीय संघात बराच काळ डाव्या कडेने खेळला ना?

र्‍हाइनकाठी

हो, डाव्या कडेनेच. नंतरचं थोडक्यात सांगून टाकतो, अर्धवट नको. वेरोनाहून १९८६ मध्ये तो साम्पदोरियाकडे गेला. बोश्कोव प्रशिक्षक, आघाडीला तरुण व्हिआली आणि मांचिनी. १९८८ मध्ये इटालियन चषक जिंकला आणि थांबला.

मग प्रशिक्षक. कायझर्सलाउटर्न १९९६ मध्ये खालच्या गटात घसरला तेव्हा तो क्लबच्या व्यवस्थापनात आला, ऑटो रेहागल प्रशिक्षक झाला, क्लब लगेच वर आला आणि १९९८ मध्ये थेट लीगविजेता. पण त्याआधीच ब्रीगल बाहेर पडला होता, रेहागलशी पटलं नाही.

आता पुढचं ऐका. २००२ च्या अखेरीस ब्रीगल अल्बेनियाच्या राष्ट्रीय संघाचा प्रशिक्षक झाला. २००३ मध्ये त्यांनी रशियाला ३-१ हरवलं. ४ जुलै २००४ ला ग्रीस युरोप विजेता झाला, प्रशिक्षक तोच रेहागल. बरोबर दोन महिन्यांनी, ४ सप्टेंबरला, ग्रीसचा संघ विश्वचषक पात्रतेसाठी अल्बेनियाच्या राजधानीत, तिरानात उतरला. अल्बेनियाने अकरा मिनिटांत दोन गोल केले आणि सामना २-१ जिंकला. युरोपचे नवे विजेते, आणि समोरच्या बाकावर ब्रीगल. त्या रात्रीचं वर्णन अल्बेनियन सहकाऱ्याकडून ऐकलंय. तो तेव्हा शाळकरी होता, त्याच्या गल्लीत पहाटेपर्यंत कुणी झोपलं नाही म्हणे.

फळीवरचा पाय

अल्बेनियाचं मला इतकं तपशिलात माहीत नव्हतं. धन्यवाद, फार छान भर घातलीत.

माणदेशी माय

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री मुलीला धागा वाचून दाखवला आणि बुरुचागाचा तो गोल मोबाईलवर लावला. तिने दोनदा पाहिला, मग म्हणाली, "आई, त्याला चेकमार्क ठेवायला वेळच नाही मिळाला." मला चेकमार्क म्हणजे काय ते विचारावं लागलं. रनअपला जिथून सुटायचं तिथली खूण, असं तिने सांगितलं.

आज सकाळी साडेसहाला गोठ्याच्या भिंतीवर चेंडू आपटण्याच्या आवाजाने जाग आली. म्हशी बिथरल्या आहेत, दूध कमी येईल म्हणून सासूबाई ओरडल्या, तर संध्याकाळपासून देवळामागच्या भिंतीवर जाणार आहे. सर, डाव्या पायाने चेंडू फार लांब उसळतो म्हणते. ती उडी उजव्या पायावर घेते, त्याचा काही संबंध असेल का?

फळीवरचा पाय

संबंध आहे. उडीचा पाय उजवा, म्हणजे रोज हजारदा जोर तिथे गेलाय, आणि उजव्यावर उभं राहणं तिला सोपं आहे. त्यामुळे डावा मोकळा असतो, पण घोटा ताठ धरते असणार. तिला सांगा, चेंडू लागण्याच्या क्षणी डावं पाऊल इंचभर मागे घ्यायचं, वाळूत उतरताना गुडघा सोडते तसं. आठवड्याने पुन्हा इथेच लिहा.